भोळे, केशव वामन

(१८९६–१९७७). मराठी संगीतरचनाकार, संगीतदिग्दर्शक व संगीतसमीक्षक. वैद्यकाचे शिक्षण अर्धवट सोडून ते संगीताकडे वळले. गायिका-अभिनेत्री ज्योत्स्ना भोळे या त्यांच्या पत्नी.

विसाव्या शतकाच्या पूर्वार्धात मराठी रंगभूमीवर गायनाचे प्राबल्य इतके वाढले, की आलाप-तानांत आणि ‘वन्समोअर’मध्ये नाट्याचा ओघ खंडित होई. नाटकात गाणे कशासाठी, हा प्रश्न त्यामुळे ऐरणीवर आला. १९३३ मध्ये नाट्यमन्वंतर संस्थेने ब्यर्न्सन या नॉर्वेजियन नाटककाराच्या कृतीवर आधारलेले श्री. वि. वर्तक यांचे आंधळ्यांची शाळा हे नाटक रंगभूमीवर आणले. त्याचे संगीत भोळे यांचे होते. पदे मोजकीच ठेवून ती प्रसंगाच्या ओघात गुंफण्यात आली व पार्श्वसंगीताचाही उपयोग करण्यात आला.

मैफलीत रागाचा विस्तार हे साध्य असते. नाटक-चित्रपटांत मात्र प्रसंग व पात्र यांचा आविष्कार हे साध्य असून राग हे साधन होय, अशी दृष्टी त्यांच्या रचनांमागे दिसते. प्रभात फिल्म कंपनीच्या अमृतमंथन (१९३४), संत तुकाराम (१९३६), कुंकू (१९३७) इ. चित्रपटांत ती प्रकर्षाने जाणवते. संत तुकाराममध्ये भजनाची साधी, परिचित वळणे त्यांनी योजिली. त्यातील शांताराम आठवले यांची एक रचना तुकारामांचाच अभंग म्हणून ओळखली जाऊ लागली. कवी, रचनाकार व गायक-नट विष्णुपंत पागनीस यांच्या एकजीव कामगिरीची ती खूणच होय. कुंकूमध्ये रूढ पार्श्वसंगीत टाळून कथेच्या परिसरातील ध्वनींवरच भर देण्यात आला. शांता आपटे यांनी गायिलेली लाँगफेलोची इंग्रजी कविताही त्यात आहे.

‘एकलव्य’ या टोपणनावाने त्यांनी संगीतविषयक लेखन केले. माझे संगीत : रचना आणि दिग्दर्शन (१९६४) या ग्रंथात त्यांनी स्वतःच्या कार्याची चिकित्सा केली आहे.

संगीताला नाट्यानुकूल करण्याचा त्यांचा आग्रह सर्वमान्य झाला नाही. गायनाची ओढ प्रेक्षकांत टिकून राहिली आणि कट्यार काळजात घुसली (१९६७) सारख्या नाटकाने गायनालाच नाट्यविषय करून वेगळे उत्तर शोधले. तथापि शब्द, अभिनय, दृश्य व स्वर यांचे परस्परसंबंध रचनेतून आणि लेखनातून सातत्याने तपासणारे रचनाकार म्हणून भोळे यांचे स्थान महत्त्वाचे आहे.