संहितेशी निष्ठा : रोबेर ब्रेसाँचे साहित्यवाचन

साहित्यकृतीवर आधारलेल्या चित्रपटाची चर्चा बहुधा 'निष्ठा' या एकाच कसोटीभोवती फिरत राहते. मूळ कादंबरीतील किती आले आणि किती गळले, याचा हिशेब मांडला की रूपांतराची समीक्षा पुरी झाली असे मानले जाते. मात्र ही निष्ठा नेमकी कशाशी, कथानकाशी, शब्दांशी की लेखकाच्या जीवनदृष्टीशी, हा प्रश्न अध्याहृतच राहतो. फ्रेंच दिग्दर्शक रोबेर ब्रेसाँ (१९०१–१९९९) याची कारकीर्द या प्रश्नाच्या संदर्भात विशेष उद्बोधक ठरते. १९४३ ते १९८३ या चाळीस वर्षांत त्याने अवघे तेरा पूर्ण लांबीचे चित्रपट केले. त्यांतील बहुसंख्य चित्रपटांमागे एखादी लिखित संहिता उभी आहे. या संहितांशी असलेले त्याचे नाते मात्र आरंभापासून अखेरपर्यंत एकसारखे राहिलेले नाही.

ब्रेसाँचा जन्म मध्य फ्रान्समधील ओव्हेर्न्य प्रांतातला. तारुण्यात तो चित्रकार होता. १९३४ मध्ये त्याने एक विनोदी लघुपट केला. दुसऱ्या महायुद्धात सुमारे वर्षभर तो जर्मनांचा युद्धकैदी होता. 'पापाचे देवदूत' हा त्याचा पहिला मोठा चित्रपट १९४३ मध्ये, जर्मनव्याप्त फ्रान्समध्ये निर्माण झाला. त्याचे संवाद नाटककार जाँ जिरोदूचे होते. १९४५ मधील 'बुआ द बुलोन्यच्या स्त्रिया' हा चित्रपट दिदरोच्या 'जाक ल फातालिस्त' या कादंबरीतील एका उपकथेवर आधारलेला असून त्याचे संवाद जाँ कॉक्तोने लिहिले. या दोन्ही चित्रपटांत व्यावसायिक नटनट्या आहेत आणि शब्दांना रंगभूमीचा घाट आहे. दिग्दर्शकाची दृष्टी स्वतंत्र असली तरी त्याची भाषा अद्याप उसनी होती, असे या टप्प्याविषयी म्हणता येईल.

खरे वळण आले ते १९५१ मध्ये, 'एका खेड्यातील धर्मगुरूची रोजनिशी' या चित्रपटाने. जॉर्ज बेर्नानोसची ही कादंबरी १९३६ मध्ये प्रसिद्ध झाली होती. तिच्यावर जाँ ओराँशने केलेली पटकथा खुद्द बेर्नानोसने नाकारली होती. १९४८ मध्ये त्याचे निधन झाले आणि पुढे ब्रेसाँने स्वतःच पटकथा लिहिली. फ्रांस्वा त्रुफोने १९५४ मधील आपल्या गाजलेल्या लेखात फ्रेंच चित्रपटसृष्टीतील रूढ रूपांतरपद्धतीवर जो हल्ला चढवला, त्यात हे प्रकरण पुराव्यादाखल आले आहे. कादंबरीतील काही प्रसंग चित्रित करताच येत नाहीत, तेव्हा त्यांच्या जागी 'समतुल्य' प्रसंग रचावेत, असे या पद्धतीचे गृहीतक होते. ब्रेसाँने ते कृतीने खोडून काढले. त्याने कादंबरी कापली, पण तिच्या जागी दुसरे काही रचले नाही.

रोजनिशी ही लिहिली जाणारी वस्तू आहे, आणि तिचे हे लिखितपण ब्रेसाँ लपवत नाही. पडद्यावर वहीत लिहिणारा हात दिसतो, लिहिलेला मजकूर आवाजात ऐकू येतो, आणि पुष्कळदा तोच प्रसंग लगेच दृश्यातही येतो. नाट्याच्या दृष्टीने ही द्विरुक्ती सदोष ठरेल. परंतु तिच्यामुळेच घटना आणि तिचे निवेदन यांतील अंतर प्रेक्षकाला जाणवत राहते. चित्रपटाच्या अखेरीस पडद्यावर केवळ क्रूस उरतो आणि धर्मगुरूच्या मृत्यूची वार्ता पत्राच्या शब्दांतून येते. आन्द्रे बाझँने त्याच वर्षी लिहिलेल्या विवेचनात या शैलीचे महत्त्व ओळखले. येथे चित्रपट कादंबरीची जागा घेत नाही, तिच्या शेजारी उभा राहतो, हे त्याच्या प्रतिपादनाचे सार म्हणता येईल.

यानंतर ब्रेसाँने व्यावसायिक नटांचा त्याग केला. आपल्या चित्रपटांतील माणसांना तो 'मॉडेल' म्हणत असे. हा शब्द चित्रकाराच्या परिभाषेतला आहे, हे येथे ध्यानात घ्यावयास हवे. एकच वाक्य, एकच हालचाल पुन्हा पुन्हा करवून घेऊन तो तीमधील हेतुपूर्वक आणलेला भाव पुसून टाकी. १९७५ मध्ये प्रसिद्ध झालेल्या आपल्या टिपणांत त्याने चित्रित केलेल्या नाटकाला 'सिनेमा' आणि स्वतःच्या कलेला 'सिनेमातोग्राफ' म्हटले आहे. सिनेमातोग्राफ हे त्याच्या मते प्रतिमा व ध्वनी यांनी केलेले एक प्रकारचे लेखन होय. शब्द जसा शेजारच्या शब्दामुळे अर्थ घेतो, तशी प्रतिमा शेजारच्या प्रतिमेमुळे घेते. अभिनयाने आधीच अर्थ भरून ठेवलेली प्रतिमा या संबंधात निरुपयोगी ठरते.

'मृत्युदंड झालेला एक कैदी निसटला' (१९५६) हा चित्रपट प्रतिकारलढ्यातील आन्द्रे दविन्यी याने १९४३ मध्ये लिआँच्या माँल्युक तुरुंगातून केलेल्या पलायनाच्या हकिकतीवर आधारलेला आहे. येथे शीर्षकच शेवट सांगून टाकते. 'काय होणार' हे कुतूहल संपल्याने चमचा, दोर, दाराची फळी, कठड्यावर घासत जाणारी पहारेकऱ्याची किल्ली यांच्यावर लक्ष एकवटते. कथानक आणि कथन यांतील भेद इतक्या स्वच्छपणे मांडणारी चित्रकृती क्वचितच सापडेल. १९६२ मध्ये जोन ऑफ आर्कवर चित्रपट करताना त्याने १४३१ च्या खटल्यातील नोंदींचाच आधार घेतला. 'बाल्थझार' (१९६६) या चित्रपटाचा नायक तर गाढव आहे. दोस्तोयेव्हस्कीच्या 'इडियट' मधील गाढवाच्या उल्लेखाशी या कल्पनेचा धागा जुळतो. 'मॉडेल'च्या सिद्धान्ताची ही तर्कशुद्ध परिणती होती, कारण गाढवाला अभिनय करता येत नाही.

येथपर्यंतच्या चित्रपटांवरून समीक्षेने ब्रेसाँची एक प्रतिमा निश्चित केली. सुझन सॉन्टॅगचा १९६४ चा निबंध आणि पॉल श्रेडरचे १९७२ चे पुस्तक यांनी त्याच्या शैलीला अनुक्रमे 'आध्यात्मिक' आणि 'अतींद्रियलक्ष्यी' ठरवले. या विवेचनांचे मोल मोठे आहे, परंतु उत्तरकालीन चित्रपट या चौकटीत सहज बसत नाहीत. 'मुशेत' (१९६७) पुन्हा बेर्नानोसवरच आधारलेला असला तरी त्याचा शेवट एका मुलीच्या आत्महत्येत होतो. 'एक सौम्य स्त्री' (१९६९) या त्याच्या पहिल्या रंगीत चित्रपटात दोस्तोयेव्हस्कीची कथा पॅरिसमध्ये येते. तिचा आरंभच नायिकेच्या आत्महत्येने होतो, आणि पती कितीही बोलला तरी तिचे मन त्याला आणि प्रेक्षकालाही अगम्यच राहते.

या प्रवासाचा कस लागतो तो १९८३ मधील 'लार्जां', म्हणजे 'पैसा', या अखेरच्या चित्रपटात. टॉलस्टॉयच्या मृत्यूनंतर प्रसिद्ध झालेल्या 'खोटे कूपन' या दीर्घकथेचे दोन भाग आहेत. पहिल्या भागात एका बनावट कागदापासून दुष्कृत्यांची साखळी सुरू होऊन खुनापर्यंत जाते. दुसऱ्या भागात खुन्याच्या पश्चात्तापापासून सत्कृत्यांची तशीच साखळी निर्माण होते. ब्रेसाँने पहिला भाग पाचशे फ्रँकच्या खोट्या नोटेसह आधुनिक पॅरिसमध्ये आणला आणि दुसरा जवळजवळ पूर्णपणे गाळला. इव्हाँ पोलिसांच्या स्वाधीन होतो. त्याला नेल्यानंतरही बाहेर जमलेले लोक उपाहारगृहाच्या रिकाम्या दाराकडे पाहत राहतात. तेथेच चित्रपट संपतो.

हिशेबी निष्ठेच्या दृष्टीने हा टॉलस्टॉयचा विश्वासघातच ठरतो. अर्धी कथा गाळणे म्हणजे तिचा नैतिक आशयच नाकारणे होय, हा आक्षेप गंभीर आहे, आणि 'पद्धत तीच होती' एवढ्याने तो टळत नाही. १९५१ मध्ये ब्रेसाँने कापले ते बेर्नानोसची दृष्टी अधिक ठळक व्हावी म्हणून. १९८३ मध्ये त्याने कापले ते टॉलस्टॉयचे उत्तर. परंतु टॉलस्टॉयचा प्रश्न त्याने सोडलेला नाही. दुष्टपणा जसा एका हातातून दुसऱ्या हातात जातो तसा चांगुलपणाही जाऊ शकेल काय, हा प्रश्न त्या रिकाम्या दाराशी तसाच उभा राहतो. ज्या उत्तरावर आपला विश्वास उरलेला नाही ते केवळ मूळ संहितेत आहे म्हणून पडद्यावर आणणे, ही निष्ठा नव्हे, शिष्टाचार झाला असता.

या वाचनपद्धतीचे पडसाद भारतातही उमटले. पुण्याच्या चित्रपट संस्थेतून बाहेर पडलेल्या मणी कौलने ब्रेसाँचे ऋण उघडपणे मानले. मोहन राकेशच्या कथेवरील 'उसकी रोटी' (१९६९) मधील भावशून्य उच्चार आणि हातांवर खिळणारी दृष्टी यांतून ते जाणवते. पुढे 'नजर' या चित्रपटासाठी त्याने दोस्तोयेव्हस्कीची तीच 'सौम्य स्त्री' निवडली. मात्र कौलची काळाची जाण ब्रेसाँहून वेगळी, अधिक विलंबित आहे. म्हणजेच येथेही अनुकरण नाही, वाचनच आहे.

रूपांतर हे संहितेचे भाषांतर नसून तिचे एका विशिष्ट काळातील वाचन आहे, हे तत्त्व आज नवे वाटणार नाही. ब्रेसाँच्या इतिहासाने त्यात भर पडते ती एवढीच : वाचकही बदलत असतो. धर्मगुरूच्या वहीशेजारी नम्रपणे बसलेला वाचक आणि टॉलस्टॉयचे पुस्तक मध्येच मिटणारा वाचक यांच्यामध्ये बत्तीस वर्षांचे अंतर आहे. त्या दोघांना एकाच 'आध्यात्मिक' विशेषणात बसवणारी समीक्षा त्याचे चित्रपट पाहते, पण त्याचे वाचन पाहत नाही.