वर्थ, ॲडम

(१८४४–८ जानेवारी १९०२). अमेरिका व यूरोप येथील पोलिसांना दीर्घकाळ हुलकावणी देणारा कुप्रसिद्ध चोर. जन्म प्रशियातील एका ज्यू कुटुंबात. बालपण अमेरिकेत मॅसॅचूसेट्स राज्यात गेले. यादवी युद्धात तो जखमी झाला. तथापि लष्करी दप्तरात त्याची नोंद मृत म्हणून झाली. ही चूक त्याच्या पथ्यावर पडली.

१८६९ मध्ये बॉस्टनच्या बॉइल्स्टन बँकेलगतचे दुकान भाड्याने घेऊन व मधली भिंत फोडून त्याने तिजोरी रिकामी केली. पिंकर्टन या खाजगी गुप्तचर संस्थेने माग काढताच तो यूरोपात पळाला. पॅरिसमधील त्याच्या उपाहारगृहाच्या माडीवर जुगार चाले; पोलीस आले की खालून इशारा होई व मेजे भिंतीत आणि जमिनीत नाहीशी होत. विल्यम पिंकर्टन तेथे आला, तेव्हा दोघांनी एकमेकांना ओळखले. पुढे लंडनमध्ये हेन्री रेमंड या नावाने तो श्रीमंती थाटात राहिला. तो कोण, हे स्कॉटलंड यार्डला माहीत होते. पण योजना त्याची आणि हात मध्यस्थांचे, अशी रीत असल्याने न्यायालयात टिकणारा पुरावा मिळेना.

मे १८७६ मध्ये मात्र तो स्वतःच खिडकीतून ॲग्न्यू चित्रदालनात शिरला व गेन्झबरोने रंगविलेले डेव्हनशरच्या डचेसचे व्यक्तिचित्र त्याने चौकटीतून कापून नेले. काही दिवसांपूर्वीच ते १०,१०० गिनींना विकले गेले होते. चित्राच्या मोबदल्यात तुरुंगातील भावाला सोडविण्याचा त्याचा बेत होता; परंतु भाऊ कायद्यातील त्रुटीमुळे सुटला आणि चित्र गळ्यात पडले. इतके प्रसिद्ध चित्र विकता येईना, नष्ट करणेही त्याला जमेना. सुमारे पंचवीस वर्षे ते त्याने दडवून ठेवले.

१८९२ मध्ये बेल्जियममधील लिएझ येथे एका साध्या लुटीत तो पकडला गेला. सात वर्षांच्या शिक्षेतून १८९७ मध्ये सुटला, तेव्हा तो खंगला होता. १८९९ मध्ये तो शिकागोत विल्यम पिंकर्टनकडे आपण होऊन गेला व त्याने आपली हकीकत सांगितली. चोराने विश्वास टाकावा तो आपल्या जुन्या पाठलाग्यावरच, ही गोष्ट पिंकर्टनच्या कसबाइतकीच त्याच्या शब्दाची किंमत दाखविते. त्याच्याच मध्यस्थीने मार्च १९०१ मध्ये चित्र शिकागोत ॲग्न्यूंच्या स्वाधीन झाले.

कॉनन डॉइलचा प्राध्यापक मोरिआर्टी काही अंशी वर्थवरून बेतला असावा, असे मानतात. लंडनमधील हायगेट दफनभूमीत त्याला रेमंड या नावानेच पुरण्यात आले. ते चित्र १९९४ पासून चॅट्सवर्थ येथील डेव्हनशर घराण्याच्या संग्रहात आहे.