झाडांच्या सालीवरची सनद

इतिहासाचा पुरावा म्हटला की आपल्या डोळ्यांपुढे ताम्रपट, शिलालेख आणि मोडी दफ्तरे उभी राहतात. आजच्या कथेतील पुरावा मात्र जिवंत होता, आणि तोच तोडायचा की राखायचा, हा वाद होता.

कॅनडाच्या पश्चिम किनाऱ्यावर, व्हॅन्कूव्हर बेटालगत मिअर्स नावाचे लहानसे बेट आहे. तेथे शेकडो वर्षांच्या सीडर वृक्षांचे अरण्य आहे. ते तोडण्याचा हक्क मॅकमिलन ब्लोडेल या लाकूड कंपनीकडे होता. एप्रिल १९८४ मध्ये तेथील आदिवासींनी बेट हे आपले संरक्षित उद्यान असल्याचे जाहीर केले. नोव्हेंबरमध्ये कंपनीची माणसे होडीने आली. प्रमुख मोझेस मार्टिन यांनी त्यांचे पाहुणे म्हणून स्वागत केले. अट एकच, करवती होडीतच ठेवायच्या!

वाद न्यायालयात गेला. या लोकांशी ब्रिटिशांनी जमिनीचा करार कधी केलाच नव्हता. म्हणजे भूमी त्यांनी सोडलेली नव्हती. पण ती त्यांची होती हे दाखवायचे कसे? आपल्याकडे वतनाच्या तंट्यात सनद पुढे करीत. यांची परंपरा तर मौखिक.

सनद अरण्यातच सापडली. सीडरच्या सालीपासून हे लोक दोर, चटया, वस्त्रे करीत. बुंध्याशी छेद देऊन साल वर ओढली की पट्टी निमुळती होत सुटते. एकाच बाजूची साल काढल्याने झाड मरत नाही. जखमेच्या दोन्ही कडांनी नवे लाकूड वाढत राहते. त्या लाकडाची वलये मोजली की साल कोणत्या सुमारास काढली ते कळते. बेटावर अशी असंख्य झाडे आढळली, कित्येक तर गोऱ्यांच्या आगमनापूर्वीच्या खुणा अंगावर बाळगणारी. तोड झाली असती तर हक्काबरोबर हक्काचा पुरावाही करवतीखाली गेला असता.

जानेवारी १९८५ मध्ये कनिष्ठ न्यायालयाने कंपनीची बाजू घेतली. मार्चमध्ये अपील न्यायालयाने बहुमताने तो निर्णय फिरवून तोडीस मनाई केली.

याच परिसरात १९९३ च्या उन्हाळ्यात रस्ता अडवणाऱ्या ८०० हून अधिक लोकांना अटक झाली. प्रसिद्धी त्या आंदोलनाला अधिक मिळाली. माझ्या मते ती काहीशी अन्यायकारकच. मिअर्सच्या मालकीचा अंतिम निकाल मात्र त्या खटल्यात लागलाच नाही. सुनावणी तहकूब झाली, आणि मनाई कायम राहिली.