वाफशाचा आकडा

शेतकऱ्याच्या मुलाला ‘वाफसा’ हा शब्द शिकवावा लागत नाही. आमच्याकडे खळे करायचे तेव्हा आजोबा जमीन उकरून पाणी शिंपडत, ओल मुरू देत, मूठभर माती दाबून बघत आणि मगच बैल फिरवत. राहिलेली जागा चोपण्याने चोपायची. पाणी कमी पडले तर माती भुसभुशीत राही, जास्त झाले तर चिखल होई. नेमके पाणी किती, हे आजोबांना सांगता येत नसे. ते त्यांच्या हाताला कळे.

बारावीनंतर मी एका कालव्याच्या कामावर माती तपासणीच्या प्रयोगशाळेत मदतनीस म्हणून लागलो. तिथे हाच वाफसा आकड्यांत भेटला. १००० घनसेंटिमीटरचा लोखंडी साचा, त्यात मातीचे तीन थर, प्रत्येक थरावर २.६ किलोच्या धुम्मसाचे ३१ सेंटिमीटरवरून २५ ठोके. दर खेपेला पाणी थोडे वाढवायचे आणि कोरडी घनता काढायची. घनता आधी चढते, एका ओलाव्याला शिखर गाठते, मग उतरते. कोरडे कण एकमेकांना अडतात. पाण्याने ते सरकतात आणि मधली हवा निघून जाते. पाणी जास्त झाले की तेच जागा धरून बसते, आणि पाणी काही दाबले जात नाही.

या चाचणीला सगळे ‘प्रॉक्टर’ म्हणत. हा प्रॉक्टर कोण, ते कुणी सांगेना. त्याचा माग काढण्यात पुढची बरीच वर्षे गेली.

धरण फुटले म्हटले की आपल्याला १२ जुलै १९६१ चे पानशेत आठवते. कॅलिफोर्नियात सेंट फ्रान्सिसचे नाव निघते. लॉस एंजेलिस शहरासाठी विल्यम मुलहॉलंड यांनी बांधलेले हे काँक्रीटचे धरण. मुलहॉलंड पाटाची देखभाल करणारा कामगार म्हणून लागले आणि स्वतः शिकत मुख्य अभियंता झाले. माझ्यासारख्या पदवी नसलेल्या माणसाला त्यांचा अभिमान वाटावा, असेच हे आयुष्य. १२ मार्च १९२८ च्या सकाळी रखवालदाराने गढूळ पाणी झिरपत असल्याचे कळवले. मुलहॉलंड आले, पाहिले, धोका नाही म्हणाले. त्याच मध्यरात्रीच्या सुमारास धरण गेले आणि चारशेहून अधिक माणसे वाहून गेली. दोष काँक्रीटपेक्षा पायाच्या खडकात आणि कडेच्या डोंगरात होता. चौकशीत मुलहॉलंड यांनी जबाबदारी स्वतःवर घेतली.

त्या जलाशयाच्या बदल्यात बुकेट कॅन्यनमध्ये नवे धरण बांधले गेले, ते मातीचे. १९३४ मध्ये ते पूर्ण झाले. त्याच पाणीखात्यात राल्फ प्रॉक्टर क्षेत्रीय अभियंता होते. भरावाचा थर पुरेसा दाबला गेला की नाही, हे रोजच्या रोज कसे ठरवायचे, हा त्यांचा प्रश्न. त्याचे उत्तर त्यांनी १९३३ मध्ये ‘इंजिनिअरिंग न्यूज रेकॉर्ड’मध्ये चार लेखांत मांडले. साचा, ठोके, ओलावा आणि घनता यांचा आलेख, शिवाय जागेवर थरात खुपसून पाहण्याची एक सुई. दुसऱ्या महायुद्धात जड विमानांच्या धावपट्ट्यांसाठी अमेरिकी लष्कराच्या अभियंत्यांनी जास्त वजनाच्या धुम्मसाची सुधारित चाचणी आणली. विचार तोच राहिला.

प्रॉक्टरच्या साच्याला माझ्या आजोबांच्या हातापेक्षा मातीतले जास्त कळते, असे मला वाटत नाही. फरक वेगळा आहे. मोठ्या माणसाने ‘ठीक आहे’ म्हटले की रखवालदाराचे म्हणणे तिथेच संपते. मोजलेला आकडा मात्र कुणी काढला हे विचारत नाही. थराला ९५ टक्के घनता हवी आणि ९१ आली, तर बारावी शिकलेला मदतनीसही रोलर परत फिरवायला लावू शकतो.

लावू शकतो, असे मी म्हणतो. एका संध्याकाळी आभाळ भरून आले होते आणि ठेकेदाराला पुढचा थर टाकायची घाई होती. मी खड्डा खणून माती तोलली, खड्ड्यात वाळू भरून त्याचे माप काढले. घनता ९१ टक्के आली. वरिष्ठ म्हणाले, ‘‘शहाण्णव लिही, उद्या बघू.’’ मी लिहिले. रात्री पाऊस झाला, आणि सकाळी त्या थरावर दुसरा थर पडलेला होता. पुढच्या वर्षी पाण्याच्या पहिल्याच पाळीत भराव तिथे खचला, अस्तर तडकले. टेलच्या शेतकऱ्यांची पाळी हुकली; ज्वारी करपली.

चौकशीत नोंदवही उघडली गेली. त्या साखळीवर ९६ होते, खाली माझी सही. माती वाईट निघाली, असा निष्कर्ष निघाला. मी गप्प बसलो.

मुलहॉलंड निदान बोलले. म्हणून हा लेख.