‘चोखेर बाली’ : विधवाविवाहाचा कायदा आणि विनोदिनीचा नकार

रवींद्रनाथ ठाकूर यांची ‘चोखेर बाली’ ही कादंबरी ‘बंगदर्शन’ मासिकातून क्रमशः येऊन १९०३ साली ग्रंथरूपाने प्रसिद्ध झाली. ऋतुपर्ण घोष यांनी तीवर आधारलेला बंगाली चित्रपट २००३ मध्ये आला. या दोन्ही कलाकृतींची चर्चा बहुधा महेंद्र, आशा, विनोदिनी आणि बिहारी यांच्या प्रेमसंबंधांपुरती मर्यादित राहते. प्रस्तुत लेखात त्यांकडे सामाजिक इतिहासाचे साधन म्हणून पाहावयाचे आहे.

विधवाविवाहास मान्यता देणारा कायदा १८५६ मध्ये संमत झाला. ईश्वरचंद्र विद्यासागर यांच्या पुढाकाराने त्याच वर्षीच्या डिसेंबरात कलकत्त्यात या कायद्यान्वये पहिला विवाहही लागला. म्हणजे विनोदिनीला पुनर्विवाहाची वाट कायद्याने जवळजवळ अर्धशतक खुली होती. परंतु त्याच कायद्याच्या दुसऱ्या कलमाकडे आपले दुर्लक्ष होते. पुनर्विवाह करताच मृत पतीच्या मालमत्तेवरील विधवेचा हक्क, जणू ती स्वतःच मरण पावली असे समजून, संपुष्टात येत असे. बंगालमध्ये दायभाग पद्धतीनुसार निपुत्रिक विधवेस पतीच्या हिश्श्याचा हयातीपुरता वारसा मिळे. त्यामुळे हा तोटा तेथे विशेष मोठा होता. पुढे १८८० मध्ये प्रिव्ही कौन्सिलने, एकदा मिळालेला वारसा विधवेच्या नंतरच्या व्यभिचाराने नष्ट होत नाही, असा निर्णय दिला. कायद्याच्या लेखी चोरटा संबंध परवडणारा आणि उघड विवाह महागडा ठरला! सुधारकांच्या गौरवगाथेत ही विसंगती सहसा येत नाही.

विनोदिनीजवळ तर गमावण्याजोगी मालमत्ताही नाही. ती सुशिक्षित आहे. महेंद्राने कधीकाळी तिला न पाहताच नाकारले आहे, आणि आता त्याच्याच घरात ती आश्रित आहे. विश्वासघाताचा आरंभ त्या नकारात आहे, हे विसरून तिला दोष देणे अन्यायाचे होईल. आशेचा विश्वासघात मात्र तिच्याही हातून घडतो. ‘चोखेर बाली’, म्हणजे डोळ्यातील वाळूचा कण, हे तर या दोघींनी मैत्रीखातर एकमेकींना ठेवलेले नाव. चित्रपटात आशेचे दागिने ल्यालेली, पांढऱ्या वस्त्रातील विनोदिनी दिसते. दागिना हे स्त्रीधन. ज्या स्त्रीला कसलेच धन नाही, तिच्या अंगावर ते उसने चढते. आपल्या मते संपूर्ण चित्रपटात याहून बोलके दृश्य नाही.

कादंबरीत बिहारी विवाहाची मागणी घालतो, विनोदिनी नकार देते आणि काशीस जाते. या शेवटाबद्दल रवींद्रनाथांना पुढे खंत वाटली. घोष यांनी तो बदलला : त्यांची विनोदिनी पत्र मागे ठेवून निघून जाते आणि त्या पत्रात ‘देश’ हा शब्द येतो. वंगभंगाच्या काळाशी हा शब्द जुळतो खरा. तरी तो एकविसाव्या शतकाच्या दिग्दर्शकाने तिच्या हाती दिलेला वाटतो. त्या काळच्या विधवेची वाट, कटू असली तरी, काशीचीच अधिक संभवनीय होती.

स्वतः रवींद्रनाथांनी १९१० मध्ये पुत्र रथींद्रनाथ यांचा विवाह प्रतिमादेवी या बालविधवेशी लावला. ठाकूर घराण्यातील तो पहिला विधवाविवाह होय.