शिवाजी पार्क व शिवजन्मतिथि

मुंबईंतील दादर भागांतलें शिवाजी पार्क हें सुमारें २८ एकरांचें मैदान क्रिकेटमुळें व सभांमुळें सर्वांच्या परिचयाचें आहे. १९२५ सालीं मुंबई कॉर्पोरेशननें तें लोकांस खुलें केलें, तेव्हां त्यास 'माहीम पार्क' म्हणत. शिवाजीमहाराजांचें नांव त्यास १९२७ सालीं, कॉर्पोरेशनच्या सभासद अवंतिकाबाई गोखले यांच्या आग्रहावरून, शिवजन्माच्या त्रिशतसांवत्सरिक उत्सवानिमित्त मिळालें. आतां १९२७ मधून ३०० वजा केले म्हणजे १६२७ उरतात, आणि येथेंच संशोधकास थांबावें लागतें.

१६२७ हें बखरींचें साल होय. मल्हार रामराव चिटणीस यांनीं शके १५४९, प्रभव संवत्सर, वैशाख शुद्ध २ अशी तिथि दिली आहे. १९२७ चा उत्सवहि ३ मे रोजीं त्याच तिथीस झाला. परंतु चिटणिसांचें लेखन एकोणिसाव्या शतकाच्या आरंभींचें, म्हणजे जन्मानंतर पावणेदोनशें वर्षांनंतरचें आहे. उलट कारीच्या जेधे देशमुखांकडील शकावली लोकमान्य टिळकांनीं १९१६ सालींच छापून प्रसिद्ध केली होती. तींत शके १५५१, फाल्गुन वद्य ३, शुक्रवार असें स्पष्ट आहे; जुन्या इंग्रजी गणनेनें ती १९ फेब्रुवारी १६३० होते. १९२५ सालीं आपटे व दिवेकर यांनीं 'शिवचरित्रप्रदीपां'त ही शकावली पुन्हां दिली.

याहून मौजेची गोष्ट पुढेंच आहे. ज्या १९२७ सालीं मैदानाचें नामकरण झालें, त्याच सालीं कवींद्र परमानंदाचें 'शिवभारत' दिवेकरांनीं तंजावरच्या पोथीवरून छापलें. परमानंद हा महाराजांच्या आश्रयाचा कवि. त्यानें जन्मशक भू, बाण, प्राण व चंद्र या शब्दसंकेतांनीं सांगितला आहे: १, ५, ५, १. असे अंक उजवीकडून डावीकडे वाचावयाचे असतात. पण येथें कोणत्याहि बाजूनें वाचले तरी १५५१ च येतात! जणूं पुढील वादाची कल्पना कवीस होती.

कॉर्पोरेशनच्या सभासदांस दोष देणें मला रुचत नाहीं. लोकांत जी तिथि रूढ होती ती त्यांनीं धरली. फाल्गुन वद्य तृतीया धरली असती तर त्रिशताब्दी शके १८५१ त, म्हणजे मार्च १९३० च्या मध्यास आली असती. तेव्हां दांडीयात्रा वाटेंत होती; मैदानाच्या नांवाचा विचार करावयास कोणास सवड झाली असती, याची शंकाच आहे.

पुढें १९६६ सालीं तेथें अश्वारूढ पुतळा उभा राहिला, आणि महाराष्ट्र शासनानेंहि १६३० हेंच साल स्वीकारलें. तरी मैदानाविषयीं लिहितांना 'जन्मास तीनशें वर्षें झालीं म्हणून' हे शब्द कांहीं टीप न देतां उतरले जातात. उद्यां एखादा अभ्यासक याच नामकरणाचा आधार घेऊन १६२७ सिद्ध करूं पाहील. म्हणून तेथें 'तत्कालीन रूढ तिथीप्रमाणें' एवढे तीन शब्द घालावे, ही विनंती.