वाऱ्याचें माप आणि लहान होडी

लहान होडी पाण्यांत लोटण्यापूर्वीं एकच प्रश्न सोडवावा लागतो: आजचा वारा आपल्या शिडाला मानवेल काय? प्रश्न दिसतो साधा. परंतु एकानें ‘वारा बरा आहे’ म्हणावें आणि दुसऱ्यानें त्याच वाऱ्याला ‘फार आहे’ म्हणावें, हा अनुभव समुद्राकांठच्या लोकांना नवा नाहीं. शब्दांच्या या घोटाळ्यांतून वाऱ्याला आंकडे कसे मिळाले, त्याची हकीकत आज सांगावयाची आहे. होडी म्हणजे येथें इंग्रज जिला डिंगी म्हणतात ती. आणि हा शब्द त्यांनीं हिंदुस्थानांतूनच उचलला, हें जातां जातां सांगून ठेवतों.

फ्रान्सिस बोफर्ट हा १७७४ सालीं आयर्लंडांत जन्मला. पोरवयांतच तो ईस्ट इंडिया कंपनीच्या एका जहाजावर चढला आणि १७८९ सालीं नकाशांतील चुकीमुळें तें जहाज फुटलें. चुकीची नोंद माणसाला कोठें नेते, याचा धडा त्याला असा लहानपणींच मिळाला. पुढें तो आरमारांत गेला. १८०० सालीं स्पेनच्या किनाऱ्याजवळ एका चकमकींत तो अतिशय जखमी झाला व कित्येक वर्षें त्याला समुद्रावरील अधिकार मिळाला नाहीं. शेवटीं १८०५ सालीं ‘वुलिच’ हें जहाज त्याच्या हातीं आलें, पण तेंहि लढाऊ राहिलें नव्हतें. सामान वाहण्याच्या कामीं लावलेलें होतें. या जहाजावर असतांना १८०६ च्या जानेवारींत त्यानें आपल्या रोजनिशींत वाऱ्याच्या जोराची शून्यापासून तेरापर्यंत एक यादी लिहून ठेवली. पुढें तिचा शेवटचा आंकडा बारा झाला.

अशी यादी करणारा तो पहिला नव्हे. पवनचक्क्यांचा अभ्यास करणाऱ्या स्मीटन नांवाच्या इंजिनियरानें वाऱ्याचे वर्ग पूर्वींच पाडले होते, आणि कंपनीचा नकाशेकार डॅलरिंपल यानेंहि त्या बाबतींत विचार केला होता. बोफर्टची खुबी निराळ्या ठिकाणीं आहे. त्यानें वाऱ्याची नव्हे, तर शिडांची मोजदाद केली. शून्य म्हणजे निवात. एक म्हणजे सुकाणूं मानण्यापुरती गति. दोन, तीन, चार म्हणजे सर्व शिडें उभारलीं असतां सपाट पाण्यांत मिळणारा वेग. पांचापासून पुढें, शत्रूचा पाठलाग करतांना कोणतीं शिडें ठेवतां येतील व कोणतीं उतरावीं लागतील, हा हिशेब. आणि बारा म्हणजे जेथें कोणतेंच कापड टिकत नाहीं असें तुफान. यंत्र नको, फक्त अनुभवी डोळा हवा. ‘बीगल’ जहाजावर कप्तान फिट्झरॉय यानें १८३१ ते १८३६ च्या सफरींत हें माप वापरलें, आणि १८३८ सालीं तें सर्व आरमारास लागू झालें.

परंतु हें माप होतें युद्धनौकेचें. शेंकडों खलाशी असलेल्या जहाजाला जो वारा खेळकर, तो कोळ्याच्या होडीला जीवघेणा. १८५९ च्या ऑक्टोबरांत ‘रॉयल चार्टर’ हें ऑस्ट्रेलियाहून सोनें घेऊन येणारें जहाज वेल्सच्या अँगलसी बेटावर आपटून चारशेंहून अधिक माणसें मेलीं. त्यानंतर १८६१ सालीं त्याच फिट्झरॉयनें बंदरोबंदरीं वादळाच्या सूचनेच्या खुणा वर चढविण्याची पद्धति सुरू केली. त्याचीं भाकितें चुकलीं कीं टीका होई. १८६५ सालीं या थकल्या मनुष्यानें आत्महत्या केली, व पुढल्या वर्षाअखेर त्या सूचना बंदहि करण्यांत आल्या. समुद्रावर जाणाऱ्यांनीं ओरड केली, तेव्हां त्या पुन्हां सुरू झाल्या. ज्यांच्या जिवाचा प्रश्न त्यांनाच त्यांची किंमत अधिक कळली होती, असें मला वाटतें.

लहान नौकेची दखल या तक्त्यानें घेतली ती १९०६ सालीं, म्हणजे बरोबर शंभर वर्षांनीं. जॉर्ज सिम्प्सन या शास्त्रज्ञानें सिली, यार्मथ व होलिहेड येथील निरीक्षणांवरून किनाऱ्याचा निराळा तक्ता बसविला. होलिहेड त्याच अँगलसीच्या टोंकाशीं आहे. या तक्त्यांत मासेमारीचीं शिडाचीं गलबतें हेंच माप. तीन आंकड्याला तीं कलूं लागतात. चाराला सर्व शिडें घेऊन, चांगलीं कललेलीं, जोमानें काम करतात. पांचाला शीड आंखडतात. साताला बंदरांतलीं बंदरांतच राहतात. आणि आठाला बाहेरचीं सर्व बंदराकडे धांवतात. हा सिम्प्सन त्याच सालीं सिमल्यास आपल्या हवामान खात्यांत नोकरीस आला.

डिंगी या गलबतांहूनहि पुष्कळच लहान, म्हणून तिच्यासाठीं एक पायरी खालीं उतरावें. तीन, म्हणजे सात ते दहा नॉटचा वारा, तिला उत्तम; त्यांत लाटांचे माथे नुकते कोठेंकोठें फुटूं लागतात. चाराला, म्हणजे सोळा नॉटपर्यंत, पांढरे माथे चहूंकडे दिसतात. तो मुरलेल्या हाताचा वारा. पांचाला नवख्यानें होडी कांठावरच ठेवावी. वेग दुप्पट झाला तर शिडावरील दाब दुप्पट नव्हे, चौपट होतो, हें गणित पुष्कळांच्या ध्यानांत राहात नाहीं.

माझ्याहि राहिलें नव्हतें. पंधरासोळा वर्षांचा असतांना थंडींतल्या एका पहाटे आम्हां दोघां मित्रांनीं खाडींत होडी लोटली. मतलई वारा, म्हणजे जमिनीकडून समुद्राकडे वाहणारा. पाठीमागें डोंगर असल्यानें कांठाचें पाणी आरशासारखें होतें. त्यावरूनच आम्हीं वारा ठरविला, हीच चूक. डोंगराचा आडोसा सुटतांच वाऱ्यानें शीड असें धरलें कीं परत फिरणें अशक्य झालें. एका मचव्याच्या तांडेलानें आम्हांला दोर टाकून ओढून आणलें, आणि पायाजवळचें पाणी सोडून लांबचें पाणी काळें कां दिसतें तें पाहायला तुम्हांला कोणी शिकविलें नाहीं काय, असें विचारलें. तक्त्याप्रमाणें तो वारा कांठावर एकाचा व खाडीबाहेर पांचाचा असावा. आमच्या होडीला शीड आंखडण्याची सोयच नव्हती.